भाजलेला अननस: लिक्योर घाला, पण विचारून

घरी पाहुणे येणार म्हटलं की जेवणाचा बेत पटकन ठरतो, अडतं ते गोडावर. गुलाबजाम नेहमीचेच झाले, केक आणायचा तर आधी ऑर्डर द्यायची आठवण हवी आणि खीर ढवळत उभं राहायचं तर बाहेरच्या गप्पा सुटतात. अशा वेळी, विशेषतः घरात ओव्हन नसलेल्या माझ्यासारख्यांसाठी, एक सोपं डेझर्ट आहे. तव्यावर खरपूस भाजलेला अननस, त्यावर आटवलेला संत्र्याचा रस आणि बाजूला व्हॅनिला आइस्क्रीमचा एक गोळा. सगळं मिळून अर्ध्या तासात होतं आणि बशीत दिसतं मात्र एखाद्या छान रेस्टॉरंटसारखं.

रेस्टॉरंटमध्ये असं डेझर्ट मागवलं तर त्यात बऱ्याचदा ऑरेंज लिक्योर किंवा रमही असते. घरीही घालता येते. पण आपल्या घरच्या जेवणात आणि रेस्टॉरंटच्या टेबलात एक फरक आहे. आपल्याकडे एकाच पंगतीत सात वर्षांची भाची असते, सत्तरीची आजी असते, औषधं चालू असलेले काका असतात आणि ऑफिसचे मित्रही असतात. सगळ्यांना तेच डेझर्ट द्यायचं आहे आणि कोणाच्याही पोटात त्याच्या नकळत दारू जाऊ द्यायची नाही. आज आपण अशी पद्धत बघू, ज्यात या दोन्ही गोष्टी सहज जमतात. गंमत म्हणजे चवीच्या दृष्टीनेही हीच पद्धत जास्त चांगली आहे.

लिक्योर म्हणजे नेमकं काय?

इंग्रजीत ‘लिकर’ म्हणजे कुठलंही कडक मद्य. ‘लिक्योर’ हा त्यातला एक वेगळा प्रकार. मद्यात फळ, साल, कॉफी, मसाले किंवा वनस्पतींचा स्वाद उतरवायचा आणि वर भरपूर साखर घालायची, की लिक्योर तयार होतं. युरोपियन युनियनच्या नियमांप्रमाणे लिक्योरमध्ये कमीत कमी १५ टक्के मद्यार्क लागतो आणि काही ठरावीक प्रकार सोडले तर एका लिटरमध्ये किमान १०० ग्रॅम साखर लागते.

चवीला गोड, वासाला छान, म्हणून अनेकांना लिक्योर हे सरबताचं चुलत भावंडं वाटतं. तसं ते नाही. क्वान्त्रो आणि ग्रां मार्निए ही फ्रान्सची दोन प्रसिद्ध ऑरेंज लिक्योर. दोन्हींमध्ये ४० टक्के मद्यार्क असतो, म्हणजे व्हिस्की किंवा रमच्या जवळपास. कॉफी लिक्योर साधारणपणे याच्या निम्म्याच्या आसपास असतं. बाटलीवर टक्केवारी लिहिलेली असते, ती आधी वाचा. किती चमचे घालायचे हे त्यावरून ठरवायचं, गोडीवरून नाही.

आणखी एक गोष्ट. ही बाटली घरात ठेवणार असाल तर ती सरबताच्या किंवा सॉसच्या बाटल्यांशेजारी ठेवू नका आणि कधीही दुसऱ्या बाटलीत ओतून ठेवू नका. संत्र्याचा वास, गोड चव, सुंदर रंग. लहान मुलाला ते सरबतच वाटणार. वरच्या, बंद कपाटात ती बाटली जास्त शोभते.

‘शिजवलं की दारू उडून जाते’

हे वाक्य तुम्ही नक्की ऐकलं असेल. कदाचित कोणाला आग्रह करताना म्हटलंही असेल. “अगं, गरम केलंय ना, आता त्यात काही उरत नाही.” ऐकायला पटतं, कारण शाळेत शिकलेलं आठवतं: पाणी १०० अंश सेल्सिअसला उकळतं आणि मद्यार्क साधारण ७८ अंशांना. मग मद्यार्क आधी निघून जाणार, नाही का?

प्रत्यक्षात पाणी आणि मद्यार्क एकमेकांत मिसळलेले असतात आणि तापवल्यावर दोघंही एकत्रच वाफ होऊन जात राहतात. मद्यार्काचं प्रमाण कमी होत जातं, पण तो एकदम संपत नाही. अमेरिकेच्या कृषी खात्याने वेगवेगळ्या पद्धतींनी शिजवल्यावर पदार्थात किती मद्यार्क उरतो याचा तक्ता दिला आहे. त्यातले हे आकडे बघा:

• उकळत्या पदार्थात घालून लगेच गॅसवरून उतरवलं तर सुमारे ८५ टक्के उरतो.
• वर ओतून पेटवलं, म्हणजे फ्लाम्बे केलं, तर सुमारे ७५ टक्के उरतो.
• पदार्थात ढवळून १५ मिनिटं शिजवलं तर सुमारे ४० टक्के उरतो.
• ३० मिनिटं शिजवलं तर ३५ टक्के, एक तास शिजवलं तर २५ टक्के.
• अगदी अडीच तास शिजवल्यावरही सुमारे ५ टक्के शिल्लक असतो.

भांड्याचं तोंड किती रुंद, आच किती मोठी यावर हे आकडे थोडे पुढेमागे होणारच. पण मुद्दा बदलत नाही. आपलं डेझर्ट पंधरा मिनिटंसुद्धा शिजत नाही. सॉसमध्ये शेवटी लिक्योर घालून एक उकळी आणली, तर घातलेल्यातला बराचसा मद्यार्क वाटीत तसाच येतो.

किती, याचा अंदाज घेऊ. एका वाटीत दोन टीस्पून, म्हणजे १० मिलि ऑरेंज लिक्योर घातलं, तर तो ३० मिलिच्या छोट्या पेगचा एक तृतीयांश भाग झाला. ज्याला चालतं अशा मोठ्या माणसाला हे फार नाही. पण ज्याने काही कारणाने ‘अजिबात नको’ असं ठरवलं आहे, त्याच्यासाठी हे ‘काहीच नाही’ असंही नाही.

नको म्हणणाऱ्यांची कारणं वेगवेगळी असतात

लहान मुलांचं सांगायलाच नको. गरोदर बाईंसाठी दारूचं कुठलंही प्रमाण सुरक्षित मानलं जात नाही, आणि पहिल्या तीन महिन्यांत ही बातमी तिने कोणाला सांगितलेलीही नसते. कोणाला दाताच्या किंवा पोटाच्या संसर्गासाठी मेट्रोनिडाझोलची गोळी चालू असते. ही गोळी घेताना आणि कोर्स संपल्यावरही दोन-तीन दिवस दारू टाळायला डॉक्टर सांगतात. कोणी धर्माने वर्ज्य मानतं, कोणाचा उपास असतो, कोणाला नंतर गाडी चालवायची असते.

आणि कोणी दारू सोडलेली असते. व्यसनमुक्तीच्या उपचारात काही जणांना डायसल्फिराम नावाचं औषध दिलेलं असतं. ते घेणाऱ्याच्या पोटात थोडी दारू गेली तरी चेहरा लाल होणं, छातीत धडधड, उलट्या असा त्रास सुरू होऊ शकतो. औषध नसलं तरी वर्ष-दीड वर्ष स्वतःशी झगडून दारूपासून लांब राहिलेल्या माणसाला डेझर्टच्या दुसऱ्या घासाला ती चव ओळखू आली, तर त्याच्यावर काय गुदरेल याचा विचार करा. त्याने तुमच्या घरी जेवताना विश्वास ठेवलेला असतो. तो विश्वास दोन चमचे स्वादापेक्षा खूप मोठा आहे.

यातलं कुठलंही कारण आपल्याला कळलंच पाहिजे असं नाही. म्हणून पद्धत अशी हवी की कोणाला कारण सांगावंच लागू नये. ती पद्धत सोपी आहे: भाजलेलं फळ आणि सॉस सगळ्यांसाठी एकच, पूर्ण बिनदारूचा. लिक्योर सगळ्यात शेवटी, वाटीत वाढून झाल्यावर, वरून चमच्याने. आणि तेही ज्याने ‘हो’ म्हटलं त्याच्याच वाटीत.

अननसच का?

अननस मूळचा दक्षिण अमेरिकेतला. पोर्तुगीजांनी तो सोळाव्या शतकात भारतात आणला आणि ‘अननस’ हे नावही त्यांच्याबरोबरच आलं. तिकडच्या स्थानिक लोकांचा शब्द पोर्तुगीजांनी उचलला आणि आपण तो पोर्तुगीजांकडून घेतला. आज केरळातला वाळक्कुळमचा अननस आणि त्रिपुराचा ‘क्वीन’ अननस या दोघांनाही भौगोलिक मानांकन आहे. तुम्ही कोची, आगरतळा, इंदूर किंवा बेळगाव कुठेही असा, बाजारात अननस मिळण्याची शक्यता चांगली.

ब्राझीलमध्ये, जिथे मांस निखाऱ्यावर भाजून टेबलावर आणून कापून देतात अशा हॉटेलांमध्ये, त्याच निखाऱ्यावर दालचिनी-साखर लावलेला अननसही भाजतात. आपली पाककृती त्याच वाटेने जाते.

भाजण्यासाठी अननस योग्य आहे याची दोन कारणं. एक, तो घट्ट असतो. तव्यावर विरघळून जात नाही, उलटताना तुटत नाही. दोन, त्यात भरपूर साखर आणि भरपूर आंबटपणा दोन्ही असतं. तापलेल्या तव्यावर त्यातली साखर करपण्याच्या जरा आधी तपकिरी होते, कॅरॅमलचा वास येतो आणि आंबटपणामुळे ती गोडी अंगावर येत नाही.

तिसरं कारण आइस्क्रीमचं आहे. कच्चा अननस दुधात, दह्यात किंवा श्रीखंडात घालून ठेवला तर थोड्या वेळाने चव कडवट होते, हे तुम्ही अनुभवलं असेल. अननसात ब्रोमेलेन नावाचं एन्झाइम असतं, ते दुधातली प्रथिनं तोडतं. उष्णतेने हे एन्झाइम निकामी होतं. म्हणूनच अननसाच्या शिऱ्यात किंवा शिजवलेल्या अननसाच्या श्रीखंडात ही अडचण येत नाही. आपण तव्यावर फळ आतपर्यंत गरम करणार आहोत, त्यामुळे आइस्क्रीमशी त्याचं छान जमतं. तरी वाढल्यावर लगेच खा. तसंही गरम-गार एकत्र लागण्यातच यातली मजा आहे.

अननस कसा निवडाल?

झाडावरून काढल्यावर अननस आणखी गोड होत नाही. घरी ठेवला तर मऊ होईल, रंगही पिवळा होईल, पण साखर वाढणार नाही. त्यामुळे घेतानाच पिकलेला घ्या. खालच्या बाजूला नाक लावून बघा. गोड वास यायला हवा. वासच नसेल तर तो कच्चा काढलेला आहे, आंबूस-आंबलेला वास असेल तर उतरलेला आहे. हातात घेतल्यावर आकाराच्या मानाने जड लागला की रस भरपूर समजा.

सोलताना साल काढली की काळे डोळे राहतात. ते तिरप्या रेषेत असतात. सुरीने त्याच रेषेत खाचा पाडत गेलात तर फळ फार वाया जात नाही. फळवाल्याकडून सोलून घेतलात तरी चालेल, फक्त त्याला पातळ चकत्या करू देऊ नका.

साहित्य (चार जणांसाठी)

अननसासाठी:
• मध्यम आकाराचा पिकलेला अननस १
• गुळाची पावडर किंवा ब्राउन शुगर २ टेबलस्पून
• दालचिनी पूड अर्धा टीस्पून
• मीठ चिमूटभर
• साजूक तूप २ टीस्पून

सॉससाठी:
• संत्र्याचा ताजा गाळलेला रस १ कप, म्हणजे साधारण २४० मिलि
• गुळाची पावडर १ टेबलस्पून
• लवंगा २
• संत्र्याची किसलेली साल अर्धा टीस्पून, फक्त वरचा केशरी भाग
• लोणी १ टीस्पून
• लिंबाचा रस काही थेंब

वाढताना:
• व्हॅनिला आइस्क्रीम ४ गोळे, किंवा थोडी पिठीसाखर घातलेला चक्का
• भाजलेले काजूचे तुकडे थोडेसे, कोणाला काजू-बदामाची ॲलर्जी नसेल तर
• ऑरेंज लिक्योर, फक्त हवं असणाऱ्यांसाठी, एका वाटीला २ टीस्पूनपर्यंत

कृती

१. आधी सॉस करून घ्या. रुंद तोंडाच्या भांड्यात संत्र्याचा रस, गूळ आणि लवंगा घालून मध्यम आचेवर ठेवा. दहा-बारा मिनिटांत रस एक तृतीयांश राहील आणि चमच्याच्या पाठीला हलका चिकटेल. फार दाट करू नका, गार झाल्यावर तो अजून घट्ट होतो. गॅस बंद करून लवंगा काढा. आता किसलेली साल, लोणी आणि लिंबाचे थेंब घालून ढवळा.

संत्र्याचा रस काढताना बिया चिरडू नका आणि काढलेला रस तासन् तास ठेवू नका. दोन्हींमुळे कडवटपणा येतो. संत्री मिळाली नाहीत तर मोसंबी चालेल, पण मोसंबीचा रस ठेवल्यावर आणखी पटकन कडू होतो. तो काढून लगेच गॅसवर चढवा.

२. अननसाच्या साधारण एक सेंटिमीटर जाडीच्या आठ चकत्या करा आणि मधला टणक दांडा काढून टाका. चकत्या स्वच्छ कपड्याने दोन्ही बाजूंनी टिपून कोरड्या करा. ही पायरी गाळू नका. ओली चकती तव्यावर टाकली की आधी पाणी उकळत बसतं आणि फळ भाजण्याऐवजी शिजतं.

३. ग्रिल पॅन असेल तर उत्तम, छान रेघा उमटतात. नसेल तर बिडाचा तवा घ्या. तो चांगला तापू द्या. पाण्याचा थेंब टाकल्यावर चर्र करून लगेच उडाला की तवा तयार. नॉनस्टिक पॅन असेल तर तो रिकामा मोठ्या आचेवर तापवत ठेवू नका. मध्यम आच ठेवा आणि भाजायला थोडा जास्त वेळ द्या.

४. चकत्यांना ब्रशने किंवा बोटाने अगदी थोडं तूप लावा आणि तव्यावर ठेवा. मध्ये जागा सोडा, एका वेळी तीन-चारच ठेवा. आता तीन-चार मिनिटं त्यांना हात लावू नका. सारखं उचलून बघितलं तर रंग येत नाही. खालून तपकिरी झाल्या की उलटा.

५. गूळ, दालचिनी आणि मीठ एकत्र करून ठेवा. चकत्या उलटल्यावर भाजलेल्या बाजूवर हे मिश्रण भुरभुरवा. दुसरी बाजू भाजायला अजून तीन मिनिटं लागतील, तेवढ्यात वरचा गूळ विरघळेल. शेवटी फक्त वीस-तीस सेकंदांसाठी गूळ लावलेली बाजू तव्यावर टेकवा आणि काढा. गूळ सुरुवातीलाच लावला तर अननस भाजला जाण्याआधी गूळ करपतो आणि तवाही घासत बसावा लागतो.

६. प्रत्येक वाटीत दोन गरम चकत्या, त्यावर आइस्क्रीमचा गोळा आणि चार-पाच टीस्पून सॉस घाला. वर काजू.

इथे डेझर्ट पूर्ण झालं. चारही वाट्या सारख्या, चारही तितक्याच चविष्ट. कोणाचीही वाटी ‘तुझ्यासाठी साधी’ नाही.

७. आता विचारा आणि ज्यांना हवं त्यांच्या वाटीत लिक्योरचे एक-दोन टीस्पून वरून सोडा.

शेवटी घालण्यात चवीचाही फायदा आहे. ऑरेंज लिक्योरचा खरा दिमाख त्याच्या वासात असतो. तो उकळत्या सॉसमध्ये घातला की वास आधी स्वयंपाकघरात पसरतो आणि वाटीत मागे गोडी आणि मद्यार्क राहतो. गरम अननसावर शेवटी घातलेल्या दोन चमच्यांचा वास मात्र थेट खाणाऱ्याच्या नाकाशी जातो. त्यामुळे कमी घालूनही पुरतं.

आगीचा खेळ घरी नको

डेझर्टवर दारू ओतून पेटवण्याचा प्रकार तुम्ही व्हिडिओंमध्ये पाहिला असेल. याचं एक प्रसिद्ध उदाहरण म्हणजे ‘बनानाज फॉस्टर’. अमेरिकेतल्या न्यू ऑर्लीन्स शहरात ब्रेनन्स नावाच्या रेस्टॉरंटमध्ये १९५१ साली पॉल ब्लांजे या शेफने ते तयार केलं. लोणी, ब्राउन शुगर, दालचिनी आणि केळ्याच्या लिक्योरमध्ये केळी परतायची, वर रम घालून पेटवायची आणि व्हॅनिला आइस्क्रीमवर वाढायची. टेबलाजवळ ज्वाळा उठते आणि सगळे बघत राहतात.

तिथे ते काम सरावलेला माणूस मोकळ्या जागेत करतो. आपल्या स्वयंपाकघरात वर कपाट असतं, शेजारी एलपीजीची नळी, चिमणीत साठलेलं तेल, मागे ओढणी घेऊन उभी असलेली माणसं आणि कुतूहलाने पुढे आलेली मुलं. ४० टक्के मद्यार्क असलेल्या द्रवातून साधारण २६ अंश सेल्सिअसलाच पेट घेऊ शकणारी वाफ निघू लागते. म्हणजे आपल्याकडच्या उन्हाळ्यात ती बाटली तापवावीही लागत नाही. पेटत्या गॅसवरच्या पॅनमध्ये थेट बाटलीतून ओतलं तर ज्वाळा धारेवरून बाटलीपर्यंत येऊ शकते.

आणि एवढं करून मिळतं काय? वरचा आकडा आठवा. पेटवल्यावरही तीन चतुर्थांश मद्यार्क पदार्थात राहतोच. म्हणजे ती ज्वाळा दारू घालवण्यासाठी नसते, बघण्यासाठी असते. आपण तवा नीट तापवून भाजलेल्या फळाला तो खरपूसपणा आधीच दिलेला आहे.

तरीही कधी पॅनमध्ये लिक्योर घालायची वेळ आलीच, तर तीन नियम पाळा. आधी गॅस बंद करा. लिक्योर छोट्या वाटीत मोजून घ्या आणि बाटली बंद करून दूर ठेवा. पॅनवर बसेल असं झाकण हाताशी ठेवा. पेट घेतलाच तर झाकण घालून शांतपणे बाजूला व्हा.

गच्चीवर किंवा अंगणात कोळशाच्या शेगडीवर अननस भाजला तर तो अजूनच सुंदर लागतो. मात्र कोळशाची शेगडी बंद खोलीत किंवा बंद बाल्कनीत कधीच पेटवू नका. त्यातून निघणाऱ्या कार्बन मोनॉक्साइडला वास नसतो आणि तो जीवघेणा ठरतो.

विचारायचं कसं?

सगळ्यात सोपं वाक्य हे: “यात दारू नाहीये. वरून थोडं ऑरेंज लिक्योर हवं असेल तर सांगा.” बस. आधी ‘नाही’ सांगायचं, मग पर्याय द्यायचा. असं विचारलं की ज्याला नको आहे त्याला काही बोलावंच लागत नाही, तो खायला सुरुवात करतो. उलट आधीच सगळ्या वाट्यांत घालून “कोणाला चालत नाही का?” असं विचारलं, की नको असणाऱ्याला पंगतीत हात वर करावा लागतो आणि लगेच पुढचा प्रश्न येतो, “का रे, काय झालं?”

कोणी नको म्हटलं तर “एवढ्याशाने काय होतंय” हे वाक्य गिळून टाका. आग्रह करायचाच असेल तर आइस्क्रीमच्या दुसऱ्या गोळ्याचा करा. आपल्या आदरातिथ्यात आग्रहाला मान आहे, पण तो जिलेबीच्या आग्रहासारखा असावा, जो मोडला तरी कोणाचं नुकसान होत नाही.

चमचे वेगळे ठेवा. लिक्योर घातलेल्या वाट्या वेगळ्या रंगाच्या घ्या किंवा त्यावर पुदिन्याचं पान ठेवा. टेबलावर वाट्यांची अदलाबदल व्हायला वेळ लागत नाही, आणि मुलं तर मोठ्यांच्या वाटीतला घास मागतातच.

कायद्याचंही भान असू द्या. हे सदर देशभर वाचलं जातं आणि प्रत्येक राज्याचे नियम वेगळे आहेत. गुजरात आणि बिहारमध्ये दारूबंदी आहे. महाराष्ट्रातही वर्धा आणि गडचिरोली हे जिल्हे दारूबंदीचे आहेत. महाराष्ट्रात कडक मद्यासाठी वयाची अट २५ वर्षं आहे, गोव्यात १८. बडोद्यातल्या किंवा वर्ध्यातल्या वाचकांनी लिक्योरची ओळ सरळ सोडून द्यावी. वरची पाककृती त्या ओळीशिवाय पूर्ण आहे.

संत्र्याच्या स्वादाची बिनदारूची जोड

लिक्योरसारखा थोडा कडवट, खोल स्वाद हवा असेल तर सॉसमध्ये ही भर घाला. संत्र्याच्या सालीच्या दोन लांब पट्ट्या, पांढरा भाग काढून, रस आटताना शेवटची पाच मिनिटं त्यात टाका. सोबत सुंठीची चिमूट आणि एक वेलदोडा. गाळून घ्या. सालीतलं सुगंधी तेल आणि तिची हलकी कडवट चव सॉसमध्ये उतरते. ऑरेंज लिक्योरचा स्वादही सालीतूनच येतो, त्यामुळे हे त्याच्या बरंच जवळ जातं.

दुसरी फळं

केळं: किंचित घट्ट, पिवळं केळं सालासकट उभं चिरा आणि कापलेली बाजू तव्यावर दोन मिनिटं ठेवा. साल आधार देते, केळं मोडत नाही. याच्यासोबत कडक काळ्या कॉफीत गूळ आटवून केलेला सॉस घ्या. ज्यांना हवं त्यांना वरून कॉफी लिक्योर.

आंबा: पिकलेला हापूस तव्यावर टिकत नाही. घट्ट तोतापुरी घ्या, गालाचे जाड काप करा आणि मोठ्या आचेवर झटपट भाजा.

पीच: हिमाचल, उत्तराखंडकडच्या वाचकांना उन्हाळ्यात ताजे आडू मिळतात. अर्धे करून बी काढा आणि कापलेली बाजू भाजा. यावर अमरेटो हे बदामाच्या स्वादाचं लिक्योर घालतात. मात्र कोणाला सुक्यामेव्याची ॲलर्जी असेल तर बाटलीवरचे घटक वाचल्याशिवाय घालू नका.

एक गोष्ट मात्र टाळा. सायीचं, दुधाळ क्रीम लिक्योर अननसावर किंवा संत्र्याच्या सॉसवर घालू नका. आंबटपणामुळे ते फाटतं आणि वाटीत गुठळ्या दिसतात.

आधी काय करून ठेवता येईल?

सॉस सकाळी करून फ्रिजमध्ये ठेवा, वाढताना फक्त कोमट करा. अननस चिरून, डब्यात बंद करून ठेवता येतो. गूळ-दालचिनी मिसळून ठेवा. आइस्क्रीमचे गोळे काढून वाट्या फ्रीझरमध्ये ठेवल्या तर शेवटची धावपळ वाचते. जेवणाची ताटं उचलली जात असताना तवा तापायला ठेवा. अननसाच्या दोन घाण्यांना मिळून पंधरा मिनिटं लागतील.

एखादी चकती उरलीच तर दुसऱ्या दिवशी बारीक चिरून शिऱ्यात घाला. फक्त ती लिक्योर न घातलेल्या वाटीतली आहे ना, तेवढं बघा. सकाळचा शिरा घरातलं सगळ्यात लहान माणूसही खाणार असतं.